आंद्रेआ: तो की ती?

इटलीत मुलीचं नाव आंद्रेआ ठेवता येतं का, या प्रश्नाचा कायदेशीर निकाल २०१२ च्या नोव्हेंबरमध्ये लागला. एका जोडप्याने मुलीच्या नावात आंद्रेआ घातलं होतं. हे पुरुषाचं नाव आहे, बदला, असं खालच्या न्यायालयांनी सांगितलं. आईवडील वर गेले आणि तिथल्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, म्हणजे कोर्ते दी कास्सात्सिओनेने, त्यांच्या बाजूने कौल दिला. वाद मात्र मिटला नाही. आजही हा विषय निघाला की दोन तट पडतात. एक तट ग्रीक शब्दकोश उघडतो आणि सांगतो, आंद्रेआचा अर्थच मुळी पुरुष. असं नाव मुलीला ठेवणं म्हणजे अडाणीपणाचा कळस. दुसरा तट खांदे उडवतो: नावाला कसलं आलंय लिंग? ज्याला जे आवडेल ते ठेवू द्या. मला निकाल योग्य वाटतो, पण या दोन्ही तटांचं म्हणणं पटत नाही. नावाला लिंग असतं. फक्त ते शब्दाच्या मुळात नसतं, शेवटच्या स्वरात नसतं आणि नगरपालिकेच्या दप्तरात तर नसतंच. पिढ्यान्‌पिढ्या कोण ते नाव लावत आलं, यावरून ते ठरतं, आणि नाव लावणारी माणसं बदलली की तेही बदलतं. कायद्याने फार तर त्याची नोंद घ्यावी, राखण करू नये.

आधी कायदा काय म्हणतो ते पाहू. इटलीत मूल जन्मल्यापासून दहा दिवसांत नगरपालिकेत त्याची नोंद करावी लागते. नावांचे नियम २००० सालच्या राष्ट्रपतींच्या ३९६ क्रमांकाच्या आदेशात आहेत. त्याचं ३४ वं कलम हयात वडिलांचं, हयात भावाचं किंवा बहिणीचं नाव मुलाला ठेवायला मनाई करतं. हास्यास्पद आणि लाजिरवाणी नावंही नाकारतं. ३५ वं कलम म्हणतं की नाव बाळाच्या लिंगाशी जुळणारं असावं. सगळा गुंता या एका वाक्याचा आहे. जुळतं की नाही हे ठरवणार कोण, आणि कशावरून?

शब्दकोशवाल्यांचं म्हणणं ऐकायला भक्कम वाटतं. ग्रीक भाषेत आनेर म्हणजे पुरुष, त्याची षष्ठी आन्द्रोस, आणि आन्द्रेइआ म्हणजे शौर्य. आपल्या ‘नर’ शब्दाशी या आनेरचं दूरचं पण खरंखुरं रक्ताचं नातं आहे. आन्द्रेआस हे नाव इथूनच आलं. व्युत्पत्ती अगदी बरोबर आहे. तिच्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र टिकत नाही. अर्थावरून नावाचा हक्क ठरायचा असेल तर इटलीतल्या प्रत्येक क्लाउदिओने लंगडं असायला हवं, कारण लॅटिनमध्ये क्लाउदुस म्हणजे लंगडा. पाओलोने बुटकं असायला हवं. चेचिलिया हे नाव आंधळा या अर्थाच्या शब्दावरून आलंय, तरी संत चेचिलिया संगीताची आश्रयदाती मानली जाते आणि त्यात कुणाला विसंगती दिसत नाही. आपल्याकडे धोंडो केशव कर्व्यांचं नाव घेताना कुणाच्या डोळ्यांपुढे धोंडा येतो का? नाव रुळलं की त्यातला अर्थ विरून जातो आणि उरतात ती माणसं.

गंमत म्हणजे ज्याच्यामुळे हे नाव युरोपभर गेलं, त्याचीच गोष्ट या युक्तिवादाला छेद देते. येशूचा शिष्य आंद्रेआ हा गालीलच्या बेथसैदा गावचा ज्यू कोळी. त्याच्या सख्ख्या भावाचं नाव शिमोन, अस्सल हिब्रू. तोच पुढे पेत्र झाला. एकाच घरात एका भावाचं नाव बापजाद्यांच्या भाषेतलं आणि दुसऱ्याचं त्या काळी बाजारात आणि सत्तेच्या वर्तुळात चालणाऱ्या ग्रीकमधलं. आजच्या भाषेत बोलायचं तर त्याचं नाव ‘परकं’ होतं. बेथसैदातल्या कुण्या म्हाताऱ्याने तेव्हाही नाक मुरडलं असेल, असं मला आपलं उगाच वाटतं. शुद्धतेच्या नावाने आज ज्याचा कैवार घेतला जातोय ते नाव त्याच्या सर्वांत प्रसिद्ध धन्याकडेच उसनं आलं होतं.

दुसरा मुद्दा शेवटच्या ‘आ’चा. इटालियनमध्ये ओकारान्त ते पुल्लिंगी आणि आकारान्त ते स्त्रीलिंगी, असं पहिल्याच धड्यात शिकवतात. या हिशेबाने आंद्रेआ तर मुलीचंच नाव ठरायला हवं! ते तसं नाही, कारण ग्रीक आन्द्रेआस लॅटिनमध्येही आन्द्रेआसच राहिलं आणि इटालियनच्या वाटेवर शेवटचा ‘स’ गळून पडला. लूका, मात्तिआ, एलिआ, तोबिआ, एनेआ ही सगळी अशीच, शेपूट गळालेली पुरुषांची नावं. शेजारच्या भाषांनी निराळे मार्ग धरले: फ्रेंच आणि पोर्तुगीज आंद्रे, स्पॅनिश आंद्रेस, इंग्रजी अँड्र्यू, हंगेरियन आंद्राश. त्यांच्यापाशी पुरुषासाठी वेगळं रूप असल्यामुळे आकारान्त रूप मोकळं राहिलं आणि त्यांनी ते बायकांना दिलं. म्हणजे इटलीत आंद्रेआ पुरुष आणि बहुतेक युरोपात बाई, यामागे कुठलंही तत्त्व नाही, उच्चाराचा एक अपघात आहे. आपल्याकडे वांद्र्याला १५७५ मध्ये जेझुइटांनी बांधलेल्या सेंट अँड्र्यूज चर्चच्या आसपास मुलगा झाला तर अँड्र्यू आणि मुलगी झाली तर अँड्रिया, हे इतकं अंगवळणी पडलंय की त्यावर वाद होऊ शकतो हेच तिथे कुणाला खरं वाटणार नाही.

इथवर मी शब्दकोशवाल्यांना सहज खोडून काढलं. पण त्यांच्या बाजूला एक असा मुद्दा आहे जो ते स्वतः नीट मांडत नाहीत, आणि तो सहज खोडता येत नाही. तो स्मृतीचा आहे. इटलीत आंद्रेआ म्हटलं की मनात एक लांबलचक मिरवणूक सुरू होते आणि तिच्यात सगळे पुरुष असतात. मांतुआच्या राजवाड्यात भिंतीच काय, छतही रंगांनी उघडून दाखवणारा चित्रकार मांतेन्या. लेओनार्दोचा गुरू वेर्रोक्किओ. फ्लॉरेन्सचा चित्रकार देल सार्तो. क्रेमोनात व्हायोलिनला आजचं रूप देणारा आमाती. जेनोव्हाचा दर्यासारंग दोरिआ, जो १५२८ मध्ये फ्रान्सची बाजू सोडून सम्राट पाचव्या चार्ल्सला मिळाला आणि आपल्या शहराचं नशीब पालटून गेला. पादुआच्या गिरणीवाल्याचा मुलगा, ज्याला पुढे पाल्लादिओ हे भारदस्त नाव मिळालं आणि ज्याने रचलेल्या घरांच्या नकला अमेरिकेपर्यंत झाल्या. त्याचंही पाळण्यातलं नाव आंद्रेआच. आपल्या काळात गायक बोचेल्ली, फुटबॉलपटू पिर्लो, लेखक कामिल्लेरी. दक्षिणेत आमाल्फीच्या कॅथीड्रलमध्ये १२०८ पासून येशूच्या त्या शिष्याच्या, संत आंद्रेआच्या, अस्थी आहेत. १५४४ मध्ये बार्बारोस्साचं ऑटोमन आरमार चालून आलं तेव्हा संताने वादळ उठवून गाव वाचवलं, अशी तिथली श्रद्धा आहे, आणि त्याच्या उत्सवात संताची जड मूर्ती खांद्यावर घेऊन पुरुषमंडळी कॅथीड्रलच्या उभ्या पायऱ्या धावत चढतात. अशा गावातल्या आजोबांना नातीचं नाव आंद्रेआ ऐकून दचकल्यासारखं झालं, तर त्यांना मागासलेले म्हणून मोकळं होणं हा उद्धटपणा आहे. आपलं काहीतरी विरतंय ही त्यांची भावना खरी आहे.

पण स्मृती खरी असली म्हणून तिचा सातबारा होतो का? आणि स्मृती नेमकी कुणाची? ज्या सीमांच्या आत हे नाव पुरुषाचं म्हणून कायद्याने राखायचं म्हणतात, त्याच सीमांच्या आत, अगदी उत्तरेला, आल्तो आदिजे नावाचा जर्मन भाषकांचा डोंगराळ मुलूख आहे. त्याचं जर्मन नाव दक्षिण तिरोल. पहिल्या महायुद्धानंतर तो ऑस्ट्रियाकडून इटलीकडे आला. तिथला लोकनायक आन्द्रेआस होफर १८०९ मध्ये नेपोलियन आणि त्याच्या बव्हेरियन दोस्तांविरुद्ध शेतकऱ्यांना घेऊन उठला, आणि १८१० च्या फेब्रुवारीत मांतुआमध्ये, त्याच मांतेन्याच्या गावात, त्याला गोळ्या घातल्या गेल्या. जर्मनमध्ये पुरुष तो आन्द्रेआस आणि बाई ती आन्द्रेआ. म्हणजे होफरच्या डोंगरातली जर्मन बोलणारी आन्द्रेआ नावाची बाई पूर्णपणे इटालियन नागरिक आहे आणि तिच्या नावात तिच्या भाषेच्या दृष्टीने काहीही वावगं नाही. ‘इटलीत आंद्रेआ पुरुषच’ असं म्हणणारे तिला इटलीबाहेर काढतात, बहुधा नकळत.

नकळत म्हणतो, कारण जाणूनबुजून असं करणारं सरकारही त्या देशाने पाहिलंय. तिरोलमधली जर्मन गावांची नावं पुसून इटालियन केली गेली. त्रिएस्तेच्या परिसरात स्लोव्हेनी आणि क्रोएशी आडनावांवर इटालियन साज चढवला गेला. १९३९ च्या नागरी नोंदणीच्या आदेशात तर इटालियन मुलांना परदेशी नावं ठेवायला, आणि राष्ट्रीय किंवा धार्मिक भावनेला बाधक ठरणारी नावं ठेवायला मनाई केली गेली. ज्याच्या राजवटीत हा आदेश निघाला त्या मुसोलिनीचं स्वतःचं नाव काय होतं? बेनितो. अस्सल इटालियन रूप बेनेदेत्तो. बेनितो हे स्पॅनिश. त्याच्या समाजवादी लोहार बापाने ते मेक्सिकोच्या बेनितो हुआरेझवरून ठेवलं होतं. पुढची दोन नावं आमिल्कारे आणि आंद्रेआ. त्यातलं आंद्रेआ हे १८८२ मध्ये इटलीच्या संसदेत निवडून आलेला पहिला समाजवादी आंद्रेआ कोस्ता याच्यावरून. परदेशी क्रांतिकारकाचं नाव मिरवणाऱ्या माणसाच्या सरकारने बाकीच्यांच्या पोरांची नावं तपासावीत! नावांच्या राखणदारीचा इतिहास चाळला की असे विनोद पानोपानी भेटतात, आणि त्यांचे बळी ठरलेल्यांना ते विनोद वाटलेले नसतात.

आता बाळाच्या हिताचा मुद्दा. विरोधकांचा हा सगळ्यात जड मुद्दा, आणि त्याला मी मान देतो. आईबापांच्या हौसेचं ओझं मुलाने जन्मभर का वाहावं? जेनोव्हातल्या एका जोडप्याने मुलाचं नाव व्हेनेर्दी, म्हणजे शुक्रवार, ठेवलं होतं. रॉबिन्सन क्रूसोच्या चाकराची आठवण करून देणारं नाव पोराला टवाळीच्या तोंडी देईल, म्हणून न्यायालयाने ते रद्द केलं आणि जन्मदिवसाच्या संतावरून ग्रेगोरिओ ठेवायला लावलं. मला तो निकाल थोडा कडक वाटतो, पण समजतो. लेकरू स्वतः बोलू शकत नाही तेव्हा कुणीतरी त्याच्या बाजूने बोलावं, ही कल्पना चांगलीच आहे. प्रश्न एवढाच की मुलीला आंद्रेआ म्हटल्याने तिचं कोणतं अहित होतं? हास्यास्पद तर ते नाही. मांतेन्याच्या नावात हसण्यासारखं काय आहे? मग उरतो घोटाळा. वर्गात, दवाखान्यात, पत्रव्यवहारात बाई की बुवा हे कळायचं कसं?

मराठी माणसाला या भीतीचं हसू यावं. शिरीष पै आणि शिरीष कणेकर यांच्यात कुणाचा घोटाळा झाला? सुहास शिरवळकर आणि सुहास जोशी यांच्यात? किरण बेदी आणि किरण मोरे यांच्यात? इटालियन भाषा या बाबतीत मराठीसारखीच आहे, ती लपवू म्हटलं तरी लपवू देत नाही. आंद्रेआ आला की आली, थकला की थकली, हे क्रियापदाच्या आणि विशेषणाच्या रूपातच बोललं जातं. ज्या भाषेत वाक्यावाक्यातून लिंग कळतं तिथे ते नावानेही सांगितलंच पाहिजे, हा आग्रह कशासाठी? आणि किरणचा विषय निघालाच आहे तर हेही सांगितलं पाहिजे की असाच वाद जर्मनीत आपल्याच किरणवरून झाला होता. भारतीय मुळं असलेल्या एका कुटुंबाने मुलीचं नाव किरण ठेवलं. या नावावरून मुलगा की मुलगी कळत नाही, सोबत आणखी एक स्पष्ट नाव जोडा, असा नोंदणी कार्यालयाचा हट्ट. प्रकरण कार्ल्सरूहच्या घटना न्यायालयात गेलं, आणि २००८ च्या डिसेंबरमध्ये त्याने सांगितलं की नावाने लिंग जाहीर केलंच पाहिजे असं कोणताही कायदा सांगत नाही. मुलाच्या हिताला बाधा येत असेल तरच राज्याने मध्ये पडावं. इटलीचा निकाल यायच्या चार वर्षं आधी हे झालं.

राज्याला ओळख पटवण्यासाठी नाव लागतं, हे तर आणखीच तकलादू. इटलीत प्रत्येकाला एक कर-संकेतांक असतो, कोदिचे फिस्काले. बँकेपासून डॉक्टरापर्यंत सगळीकडे तोच मागतात. त्यात नावातली व्यंजनं येतात, मग जन्मसाल, महिना आणि दिवस. आणि बाईचा जन्मदिवस लिहिताना त्यात ४० मिळवतात. बारा तारखेला जन्मलेला आंद्रेआ १२, त्याच तारखेची आंद्रेआ ५२. व्यंजनं दोघांचीही तीच, न, द, र. सरकारला बाई की बुवा हे नावावाचून अगदी चोख कळतं, आणि तरी नावातही ते दिसलंच पाहिजे म्हणून ३५ वं कलम अडून बसलंय.

मग एवढी तगमग कशाची? माझ्या मते खरी मेख इटालियन पुरुषांच्या नावांतल्या मारियात आहे. मारियाहून अधिक बायकी नाव ख्रिस्ती जगात दुसरं नाही, ते साक्षात येशूच्या आईचं. तरीही मिलानचा कार्डिनल कार्लो मारिया मार्तिनी, संगीतसंचालक कार्लो मारिया जुलिनी, नट जान मारिया व्होलोन्ते. हे भक्तीचं लक्षण मानलं जातं, त्याने कुणाच्या पौरुषाला धक्का लागत नाही. पहिलं नाव पुरुषाचंच असतं, मारिया मागून येते, हा फरक मला मान्य आहे. पण मग आंद्रेआ हे मुलीचं दुसरं नाव म्हणून आलं तेव्हाही भुवया का उंचावतात? पुरुषाने बाईचं नाव घेतलं तर ती नम्रता. बाईने पुरुषाचं घेतलं तर ती घुसखोरी. ‘मुलींसाठी आंद्रेइना आहे की’ असं जे समजुतीच्या सुरात सांगतात त्यांनाही विचारावंसं वाटतं की त्यातला ‘इना’ कशाला? तो लहानपणा, लाडिकपणा दाखवणारा प्रत्यय आहे. मांतेन्याचं नाव हवं असेल तर त्याची छोटी, गोंडस आवृत्ती घ्या, असा त्याचा मथितार्थ. काही आईबापांना तो आवडतो, खुशाल ठेवावा. पण ज्यांना अख्खं नाव हवंय त्यांच्यावर तो लादायचा अधिकार कुणाला?

यावर एक चतुर उत्तर येतं आणि त्यात तथ्य आहे. एकदा एखादं नाव मुलींकडे गेलं की ते मुलांकडे परत येत नाही, असं म्हणतात. इंग्रजीत ॲश्ली, बेव्हर्ली, एव्हलिन ही पुरुषांची नावं होती. लेखक एव्हलिन वॉ आणि त्याची पहिली बायको या दोघांचंही नाव एव्हलिनच होतं. आज एव्हलिन नावाचा मुलगा शोधून सापडायचा नाही. आंद्रेआचंही तसंच होईल, ही भीती खोटी नाही. पण नीट पाहा, ॲश्लीला पुरुषांपासून कुणी तोडलं? मुलींनी ते नाव घेतलं, हिरावलं नाही. आईबापांनी मुलांना ते ठेवायचं बंद केलं, कारण मुलींचं झालेलं नाव मुलाला ठेवणं त्यांना कमीपणाचं वाटू लागलं. म्हणजे दोष त्या कमीपणाच्या भावनेत आहे, आणि ती भावना सांभाळण्यासाठी मुलींना मनाई करायची, असा हा उपाय आहे. शिवाय असं होतंच असंही नाही. शिरीष आणि सुहास बायकांनी लावलं म्हणून पुरुषांनी टाकलं नाही. इटलीत तर आंद्रेआ वर्षानुवर्षे मुलांच्या पहिल्या दहा आवडत्या नावांमध्ये राहिलंय. इतक्या धट्ट्याकट्ट्या नावाला मूठभर मुलींपासून कसलं संरक्षण हवंय?

आता थोडं उदारमतवाद्यांबद्दल, कारण निकाल त्यांच्या बाजूचा लागला म्हणून त्यांचं सगळं बरोबर ठरत नाही. नावाला लिंगच नसतं, हे त्यांचं म्हणणं त्यांच्या वागण्याशी जुळत नाही. मुलीला आंद्रेआ हवं असतं ते बहुतेकदा ते इतरत्र बायकांचं म्हणून कानावर आलेलं असतं म्हणूनच. उंबेर्तो किंवा जुझेप्पे कुणी मुलीसाठी मागायला गेलेलं ऐकिवात नाही. न्यायालयाने दिलेलं एक कारणही मला लंगडं वाटतं. संस्कृती आता देशाच्या सीमांत मावत नाही आणि आंद्रेआ बाहेर बायकांचं नाव आहे, म्हणून इथेही चालेल, असा त्याचा सूर होता. मग बाहेर नसतं तर चाललं नसतं का? इटलीत सिमोने पुरुष, फ्रान्समध्ये सिमोन व्हेल बाई; इटलीत कवी गाब्रिएले द’आनुन्त्सिओ पुरुष, जर्मनीत चित्रकार गाब्रिएले म्युंटर बाई. इटलीतल्या आईबापांनी नाव ठेवण्याआधी पॅरिस आणि म्युनिककडे पाहायचं, ही नवीच ताबेदारी झाली. आपल्या समाजात हे नाव कोण लावतंय एवढंच पाहावं, आणि दक्षिण तिरोलपासून शहरांतल्या मिश्र कुटुंबांपर्यंत ते बायकाही लावतात, हे उत्तर घरातच मिळतं.

१४६२ मध्ये संत आंद्रेआचं मस्तक ग्रीसमधून रोमला आलं तेव्हा पोप दुसरा पिउस ते घ्यायला स्वतः मिल्विओ पुलापर्यंत गेला होता. त्या पोपचं मूळ नाव एनेआ, तेही आकारान्तच. पाचशे वर्षं ते मस्तक रोममध्ये राहिलं आणि १९६४ मध्ये पोप सहाव्या पॉलने ते पात्रासच्या ग्रीक ऑर्थोडॉक्स चर्चला परत दिलं. त्याने रोममधला एकही आंद्रेआ कमी झाला नाही.

तेव्हा करायचं काय? मला विचाराल तर ३५ व्या कलमातले लिंगाशी जुळण्याचे शब्द काढून टाकावेत. नावं तीनपेक्षा जास्त नसावीत, हा त्यातला भाग राहू द्यावा. नोंदवहीला त्याचा उपयोग आहे. ३४ वं कलम पुरेसं आहे: हास्यास्पद आणि लाजिरवाणं नाव कुणी ठेवलं तर सरकारी वकिलाने न्यायालयात जावं आणि तिथे अहित सिद्ध करून दाखवावं. व्हेनेर्दीसारख्या प्रकरणात ते जमेल. आंद्रेआच्या प्रकरणात २०१२ ला जमलं नाही, आणि ते का जमलं नाही हे विरोधकांनी शब्दकोश मिटून एकदा शांतपणे वाचावं.